वॉरेनला लागलेला बाण

"आजच्या दिवस तेवढं वगळा," एलम तिसऱ्यांदा म्हणाला. "वॉरेनला बाण लागलाच नव्हता. तापानं गेला तो. त्याची बायको बसलीये आज पुढच्या रांगेत."

निवेदकाने हातातला कर्णा बाहीने पुसला. "तापाचं तिकीट कोण काढतं, म्हातारबा? जा, घोडे जोड."

एलमने नेब्रास्काच्या माळावर बावीस वर्षं टपालाची घोडागाडी हाकली होती. चाकं मोडली, एकदा नदीने गाडी पलटवली, पण बाण कोणी सोडला नाही. माळावरचे जुने प्रसंग करून दाखवणाऱ्या या खेळात मात्र दिवसातून दोनदा त्याच्या गाडीवर लुटुपुटीचा हल्ला व्हायचा आणि त्याच्या शेजारचा बंदूकवाला वॉरेनच्या नावाने मरायचा. बाण मारायचा इनॉक. खरा वॉरेन, टपालगाडीवरचा एलमचा जोडीदार, तापाने फणफणला तेव्हा याच इनॉकच्या आईने, लाकोटा जमातीच्या तंबूत, तीन दिवस त्याला मांसाचा रस्सा घोटघोट पाजला होता. वॉरेनची बायको हेस्टर पोचली ती शेवटच्या दिवशी. नवऱ्याचे डोळे तिनेच मिटले. आज तिला काय वाटेल, या विचाराने एलमचा जीव थाऱ्यावर नव्हता.

सहा घोड्यांचे लगाम त्याने नको तेवढे आवळून धरले. घोडे बावचळले. आरोळ्या ठोकत इनॉक दौडत शेजारी आला आणि हळूच म्हणाला, "सैल सोड की जरा! खरंच मारशील सगळ्यांना." मग त्याने बाण सोडला. लोकांनी टाळ्या पिटल्या.

खेळ संपल्यावर हेस्टर स्वतःच गाडीपाशी आली. डोळे ओले होते.

"वहिनी, माफ करा. ही माणसं काहीबाही..."

"माफी कसली? अगदी अस्संच झालं होतं रे," हेस्टर म्हणाली. "या हातांनी उपटला ना मी तो बाण."

एलमने मान हलवली. "वहिनी, ताप होता त्याला. तुम्हीच तर... हा बघा, त्या माउलीचा मुलगा."

घाईत चेहऱ्यावरचा अर्धाच रंग पुसून आलेल्या इनॉकने हात पुढे केला होता. हेस्टर झगा सावरत दोन पावलं मागे सरली.

"याला माझ्यासमोर उभा करतोस? लाज नाही वाटत?"

ती तरातरा निघून गेली.

"थांब, मी सांगतो तिला," एलम म्हणाला. त्याला रडू फुटायचं बाकी होतं.

"राहू दे," इनॉक म्हणाला. "माझी आई मरेपर्यंत विचारायची, त्या तापवाल्याच्या बायकोचं पुढं काय झालं म्हणून."

दुसऱ्या खेळाचा बिगूल वाजला. इनॉकने डबी उघडली आणि पुसलेल्या गालावर लाल रंग पुन्हा नीट लावून घेतला.