दिवा गेलेल्या ओव्हनचं गाऱ्हाणं

मी ओव्हन. पण खरं सांगायचं तर माझ्याआधी माझी बिजागरीच बोलते. दार उघडलं की ती अशी किंचाळते, की पाहुणे बाहेरून विचारतात, "कोणाला लागलं का?" तिचं बोलून झालं, आता माझं ऐका. माझं चरित्र काही फार मोठं नाही. मी फारसा कुठे गेलो नाही आणि काही पाहिलंही नाही. पाहिलं नाही, तीच तर सगळी भानगड आहे.

माझा जन्म एका कारखान्यात झाला. तिथल्या माणसाने माझं दार दोनदा उघडून मिटलं, पाठीवर थाप मारली आणि "पास" म्हणाला. आयुष्यात मी पास झालो तो तेवढाच. माझ्या खोक्यावर एका उंच केकचं चित्र होतं. मला वाटलं, हा केक आपल्याच पोटी येणार. प्रत्यक्षात पहिलं वर्षभर माझ्या पोटात कढया ठेवल्या होत्या. घरात जागा कमी होती आणि मी रिकामा होतो, एवढीच माझी लायकी.

माझ्या पहिल्या मालकीणबाई म्हणजे ताई. शिस्तीच्या. एका रविवारी त्यांनी कढया बाहेर काढल्या आणि मला कामाला लावलं. भाज्या आत ठेवायच्या, दार लावायचं आणि खुर्चीत बसून वर्तमानपत्र वाचायचं. मध्येच नाक वर करायच्या आणि म्हणायच्या, "झालं." आणि झालेलंच असायचं! त्यांचं नाक म्हणजे घड्याळ होतं. दुसऱ्या वर्षी माझ्या पोटातला दिवा गेला, काचेवर तेलाचा काळा थर चढला, पण ताईंचं काहीच अडलं नाही. मी आंधळा झालो हे घरात कोणाला कळलंसुद्धा नाही. मलाही वाटायचं, कशाला हवाय दिवा? मी काय पुस्तक वाचणार आहे?

मग ताई लहान घरात राहायला गेल्या आणि मला त्यांच्या धाकट्या भावाकडे पाठवून दिलं. इथे माझी गाठ पडली त्यांच्या भावजयीशी. तिला मी आई म्हणतो, कारण या घरात सगळ्यात जास्त तीच हाक ऐकू येते.

आई वयाने लहान, पण काळजीने शंभर वर्षांची. कुलूप लावलं की चार पायऱ्या उतरून परत यायची, ओढून बघायची. गॅस बंद केला तरी बटणावर बोट ठेवून मोठ्याने म्हणायची, "बंद आहे. बंद आहे." माझ्याबरोबर आलेलं माहितीपुस्तक तिने ओळीखाली बोट धरून पहिल्यापासून शेवटपर्यंत वाचलं. त्यात 'ओव्हनमध्ये पाळीव प्राणी ठेवू नयेत' असंही होतं. घरात प्राणी नव्हता, तरी तिने दोनदा आत वाकून पाहिलं.

तिच्या सगळ्या काळजीचं मूळ म्हणजे पिटुकली. वय चार वर्षं, हातपाय काड्यांसारखे. खाणार काय, तर दुधात बुडवलेला पाव. सकाळी पाव, दुपारी पाव. भाजी दिसली की ओठ असे मिटायची, की माझं दारसुद्धा इतकं घट्ट बसत नाही.

एक दिवस आई तिला आरोग्य केंद्रातून घेऊन आली आणि एक कागद फ्रिजवर चिकटवला. नर्सबाई म्हणाल्या होत्या, "सहा महिन्यांत वजन जिथल्या तिथे आहे. तीन महिन्यांनी परत आणा. तेव्हाही काटा हलला नाही तर मोठ्या डॉक्टरांना दाखवावं लागेल. पोटात भाज्या जाऊ द्या." त्या दिवसापासून आई येता-जाता त्या कागदाकडे बघायची. तो कागद आणि मी समोरासमोर.

तिने ताईंना फोन लावला. "ताई, तुमच्या त्या भाजलेल्या भाज्या कशा करायच्या? चीज घातलेल्या?"

"अगं सोप्पं आहे," ताई म्हणाल्या. "फुलकोबी, गाजर, भोपळा, सगळ्याच्या सारख्या फोडी कर. कोरड्या पुसून घे. तेल, मीठ, मिरपूड चोळ आणि ट्रेमध्ये सुट्या सुट्या पसर. ओव्हन आधी चांगला तापू दे. चाळीस मिनिटं. शेवटच्या दहा मिनिटांत वरून चीज किसून घाल. आणि हो, मध्ये लुडबुड करू नकोस."

आईने सगळं वहीत उतरवलं. शेवटचं वाक्य तेवढं लिहिलं नाही. तिला वाटलं, ही काय कृती झाली? हे तर नणंदबाईंचं नेहमीचं बोलणं.

झालं. चाळीस मिनिटांत तिने माझं दार चौदा वेळा उघडलं. माझा काय दोष म्हणता? सगळा माझाच! आत मिट्ट काळोख, काच काळी. दिसणार कसं बिचारीला? जळलं तर नाही ना? कच्चं तर नाही ना? की बिजागरी किंचाळलीच. मी मोठ्या कष्टाने तापायचो, आणि सगळी गरमी तिच्या तोंडावर जायची. "अजून कच्चंच!" असं म्हणून ती दार लावायची. मी परत पहिल्यापासून. भाज्यांना पाणी सुटलं आणि त्या त्यातच लोळत बसल्या. चीज वितळायच्या ऐवजी घामेजलं.

पिटुकलीने ताटात वाकून पाहिलं. फुलकोबीचा एक फिकट, ओला तुरा बोटाने हलवला आणि म्हणाली, "हिला बरं नाहीये."

बाबांनी एक घास घेतला. "छान झालंय की."

"आधी आरशात तोंड बघा तुमचं," आई म्हणाली. "आणि मग बोला."

उरलेलं सगळं तिने ओट्याशी उभं राहून एकटीने खाल्लं. दर दोन-तीन दिवसांनी हेच. पिटुकलीचं वजन तिथेच राहिलं, आईचं मात्र वाढलं.

दोन महिने झाले. आई माझ्याकडे बघून म्हणाली, "ताईंकडे कसा सोन्यासारखा चालायचा. माझ्या हातालाच यश नाही."

"तुझ्या हाताला काय झालंय? हा डबाच बिघडलाय," बाबा म्हणाले. "देऊन टाकू भंगारात."

डबा! मी मनातल्या मनात म्हटलं, बरोबर आहे. डब्याला निदान झाकण धड असतं.

पण ताईंना काय सांगायचं, म्हणून आधी दुरुस्तीवाल्या काकांना बोलावलं. काकांनी माझ्या पोटात तापमान मोजायची तार सोडली, दार लावलं आणि चहा घेत बसले. पाचव्या मिनिटाला आई म्हणाली, "बघू का उघडून?" सातव्या मिनिटाला ती उठलीच.

"बसा वहिनी," काका म्हणाले. "किती वेळा उघडता हो दार?"

"बघायला नको का मध्ये मध्ये?"

"ओव्हन ठणठणीत आहे. तापत आला की तुम्ही उघडता. ऊब जाते सगळी. मग भाजणार काय, डोंबल?"

आई परत खुर्चीत बसली. मग हळूच म्हणाली, "मग आतलं कळायचं कसं? काळजी वाटते हो."

काकांनी काचेवरून बोट फिरवलं. बोट काळं झालं. "दिवा गेलाय की याचा! वर ही पुटं. या जातीचा दिवा आता मिळणं अवघड आहे, शोधतो मी. तोवर खायचा सोडा ओला करून काचेला लावा आणि तासाभराने घासून काढा. दार मात्र उघडू नका."

टेबलाखाली बसून पाव चघळत पिटुकली हे सगळं ऐकत होती, याकडे कोणाचं लक्ष नव्हतं.

आईने काच घासली. दोन चिंध्या आणि एक नख कामी आलं. इतक्या वर्षांनी माझ्या पोटात उजेड शिरला आणि मलाच लाज वाटली. केवढा पसारा होता आत! दुसऱ्या दिवशी दुपारी तिने पुन्हा भाज्या पसरल्या. पिटुकली बाबांच्या खणातली बॅटरी घेऊन आली. "मी बघते आत."

आईने आधी तिला मागे ओढलं. तिने खडूने जमिनीवर एक रेघ मारली. "या रेघेच्या पुढे यायचं नाही. चटका बसतो." पिटुकली रेघेमागे पाटावर बसली आणि बॅटरीचा झोत काचेवर धरला. मग खडू उचलून तिने स्वतःच्या मागे आणखी एक रेघ मारली. "ही तुझी."

दहा मिनिटं गेली. आईचा पाय रेघेवर आला. "एकदाच बघू दे गं."

"आई! ऊब जाते सगळी!" पिटुकली ओरडली, अगदी काकांच्या आवाजात. "मी बघतेय ना! गाजराला सुरकुत्या पडल्या. त्या फुलकोबीचं नाक काळं झालं. त्या मोठीचं. छोटी अजून गोरी आहे."

आई रेघेमागे पदराचं टोक पिळत उभी राहिली. मीही या घरात पहिल्यांदा सलग तापलो. इतका, की मलाच माझी भीती वाटायला लागली. तिसाव्या मिनिटाला पिटुकलीने परवानगी दिली, "आता चीज घाल. पटकन!" आईने इतकं पटकन घातलं, की निम्मं चीज माझ्या तळाशी सांडलं. त्याचा वास आठवडाभर मी मिरवला.

"फुगतंय! बुडबुडे आले! आई, त्यातली ती कडेची माझी. मी बघितलीय तिला मघापासून!"

मग काय, ती घास घेते आणि सगळं गोडच गोड होतं असं समजू नका. आधी तिने दहा फुंकरा मारल्या. वरचं चीज ओढलं. त्याला चिकटून फुलकोबीचं काळं नाक आलं, ते तोंडात गेलं. कुर्रकन आवाज आला.

"कुरकुरीत आहे," पिटुकली म्हणाली आणि दुसरा तुरा उचलला. गाजर तिने ताटाच्या कडेला सारलं. "हे उद्या."

आई उठून बेसिनपाशी गेली, नळ सोडला आणि बराच वेळ काहीही न धुता तशीच पाठमोरी उभी राहिली.

पुढच्या महिन्यात आरोग्य केंद्रात काटा हलला. फार नाही. नर्सबाई म्हणाल्या, "थोडाच, पण हललाय. चालू ठेवा." फ्रिजवरचा कागद निघाला. मी गर्वाने फुगायच्या बेतात होतो, पण आठवलं की माझ्यात केकसुद्धा कधी फुगला नाही, मी काय फुगणार?

आता माझं वय झालंय. एक बटण पक्कडीने फिरवावं लागतं. काकांनी शोधून शोधून दिवा आणला, पण पिटुकलीने तो लावू दिला नाही. "मग मी काय करू?" म्हणाली. दिवा खणात पडलाय. बॅटरी माझ्या शेजारच्या खिळ्याला लटकते. तुम्हाला एकच विनंती, घरातल्या ओव्हनला शिव्या घालण्याआधी त्याची काच पुसून बघा.

आणि आज सकाळचंच सांगतो आणि थांबतो. पिटुकलीच्या शाळेचा पहिला दिवस. समोरच्या खोलीत ती दार लावून एकटीच कपडे घालत होती. आईने दार उघडलं, "बटणं लागतायत का गं?" लावलं. दोन मिनिटांनी परत उघडलं, "बाही उलटी नाही ना?" तिसऱ्यांदा उघडलं, तशी आतून आरोळी आली,

"आई, दार लाव! ऊब जाते सगळी!"

आईने दार लावलं. स्वयंपाकघरात आली आणि माझ्या दाराची मूठ घट्ट धरून उभी राहिली. माझ्यात काही नव्हतं, मी थंडगार होतो. पण तिने मला उघडलं नाही.

मीही बिजागरीला म्हटलं, आज तूसुद्धा गप्प बस.