हरल्याचा कागद

दौंडच्या न्यायालयाने दगडाबाईंचा मनाईचा अर्ज नाकारला, त्या दिवशी त्यांनी कासुर्डीच्या घरात एकच आज्ञा केली: हरल्याचा कागद उंबऱ्याच्या आत येणार नाही. सासऱ्यांनी घालून दिलेला हा दंडक आजवर कोणी मोडला नव्हता.

मागणी साधी होती. सामाईक विहिरीवरची त्यांची मोटर पुतण्या जयसिंगने काढू नये. अपिलाला तीस दिवसांची मुदत होती. सून नीलमने दोनदा विषय काढून पाहिला.

"आत्याबाई, निकालाच्या नकलेचा अर्ज तरी टाकू. हुकूम मोबाईलवर पण दिसतोय, वाचून दाखवू का?"

"माझ्या हारीचं कीर्तन मला ऐकायचं न्हाई. अपील करायचं तर करा की."

"नकलेबिगर अपील व्हत न्हाई म्हणं."

"मग वकीलबाई कशाला हायेत?"

तीस दिवस असेच सरले. एकतिसाव्या दिवशी सकाळी जयसिंग मोटर घेऊन दारात आला. अंगणात गोणपाट अंथरून त्याने ती अलगद ठेवली, वर दोरही नीट गुंडाळून दिला.

"बघून घ्या काकी, एक नट कमी न्हाई. तुम्ही नक्कलच काढली न्हाई, असं कळलं. म्हटलं, काकींना निकाल पटला असंल."

दगडाबाईंनी त्याला चहा दिला. विहिरीपलीकडे त्यांचा दोन एकर ऊस उभा होता आणि आता त्याला थेंबभर पाणी नव्हते.

दुसऱ्या दिवशी नीलमने त्यांना न विचारता अर्ज टाकला. चार दिवसांनी नक्कल मिळाली. दौंडला वकील अनुपमाबाईंनी ती वाचली आणि चष्मा काढला.

"काकू, कोर्टाने तुमचं म्हणणं खोटं ठरवलेलंच नाही. मोटरीच्या वीजजोडणीचा कागद हजर केला नाही, एवढ्यासाठी मनाई दिली नाही."

तो कागद दगडाबाईंच्याच ट्रंकेत, लुगड्यांच्या घडीखाली होता.

"नकलेचा अर्ज मुदतीत पडला असता, तर नक्कल तयार व्हायला लागलेले दिवस वजा झाले असते. आता उशीर माफ करा म्हणून विनंती करायची. कारण लिहावं लागेल. तुम्ही अंथरुणाला खिळून होता, असं लिहू. डॉक्टरांचा दाखला मिळेल."

"मी एक दिस आडवी पडले न्हाई. खरं काय ते लिवा."

"खरं कारण कोर्टाला पुरेसं वाटेलच असं नाही."

"म्हंजी ऊस जाईल?"

"जाऊ शकतो."

नीलम हलकेच म्हणाली, "आत्याबाई, एका दाखल्याचा तर सवाल हाय."

दगडाबाईंनी टेबलावरच्या नकलेकडे पाहिले. त्या चार पानांना त्यांनी महिनाभर दाराबाहेर उभे केले होते.

"लिवा, सुनेनं दोनदा नक्कल मागितली, मी आणू दिली न्हाई. दोनदा, हे न विसरता लिवा."

प्रतिज्ञापत्रावर त्यांनी एकेक अक्षर कोरत सही केली.

कासुर्डीत उंबऱ्याशी येताच नीलम पिशवीसकट थबकली. दगडाबाईंनी तिच्या हातून नक्कल घेतली आणि त्या आधी आत गेल्या. अंगणात मोटर गोणपाटावर तशीच पडून होती.