रुकय्या मिसची आई

रुकय्याचा मोबाइल वाजला तेव्हा ती पाचवीच्या अरबीच्या वह्या तपासत होती. नंबर बघून तिने हातातलं लाल पेन खाली न ठेवताच फोन कानाला लावला. "हमीदा? वेन?" एवढंच तिने विचारलं. कुठे आहेस? मग बराच वेळ ती नुसती ऐकत राहिली. कुणा पोराच्या वहीवर पेन टेकलं होतं आणि शाईचा ठिपका पसरत होता. मी समोरून हात घालून ते पेन हळूच काढून घेतलं.

एप्रिल २००२. दुबईच्या ऊद मेथा भागातल्या आमच्या इंडियन स्कूलचं नवं वर्ष नुकतंच सुरू झालं होतं. सकाळचे अकरा वाजले असतील.

"क्या हुआ?" मी विचारलं.

फोनवर तळवा ठेवून ती म्हणाली, "आईला डायलिसिसला नेतायत. सैनिकांनी चौकीवर थांबवलंय. दोन तास झाले. आई दगडावर बसलीय."

आमच्या दोघींची भाषा म्हणजे हिंदी, इंग्रजी आणि अरबीची भेळ होती. मी इथे ती सगळी मराठीतच सांगते.

मी या शाळेत १९९३ मध्ये गणित शिकवायला लागले. नवऱ्याची, भानुदासची, नोकरी दुबईत, लेक पर्णिका पहिलीत, आणि मला घरात बसून कंटाळा यायचा. पहिल्याच दिवशी स्टाफरूममध्ये रुकय्याने माझ्या डब्यात बोट घालून विचारलं, "हे काय?" थालीपीठ म्हटल्यावर तिने आपल्या पर्समधून एक पुडी काढली, त्यातली हिरवट पूड थालीपिठावर भुरभुरवली आणि अर्धं मोडून खाल्लं. "आता बरोबर झालं," म्हणाली. ती पूड म्हणजे झातर. रानातला ओवा म्हणावा असा पाला वाळवून, तीळ घालून केलेली. मला तिचा राग आला होता आणि त्याच दिवशी आमची मैत्रीही झाली.

उंच, जाड भुवयांची, चालताना टाचा आपटणारी बाई. पोरं तिला टरकून असायची. पर्णिका घरी येऊन म्हणायची, "Mama, please tell Rukayya Miss not to call me ya binti in front of everyone." बिंती म्हणजे लेक. मी ते रुकय्याला सांगितलं तेव्हा ती इतकी हसली की दुसऱ्या दिवसापासून सगळ्या वर्गालाच तसं म्हणायला लागली.

त्या पहिल्या उन्हाळ्यात मी सातारला जायच्या गडबडीत होते. बॅगांची वजनं, सामानाची यादी, आईने मागितलेले बदाम. मी सहज बोलून गेले, "अगं, तूही सुट्टीत माहेरी जाऊन ये ना."

ती रागावली नाही. खडू घेऊन टेबलावरच तिने एक रेघ ओढली. "ही नदी. हा पूल. इकडे जॉर्डन, इकडे माझं गाव. नाब्लुसच्या डोंगरात." १९८३ मध्ये लग्न होऊन दुबईला निघताना पुलावरच्या सैनिकांनी तिचं ओळखपत्र ठेवून घेतलं आणि हातात एक कागद दिला. तीन वर्षांच्या आत परत यायचं, नाहीतर तिथली रहिवासी म्हणून नाव रद्द. ती मुदत संपत आली तेव्हा तिला नववा महिना होता. रक्तदाब वाढलेला, डॉक्टरांनी अंथरुणातून उठू दिलं नाही. मुलगी झाली, चाळीस दिवस झाले, आणि बाळ घेऊन ती पुलावर जाऊन उभी राहिली.

"सहा आठवडे उशीर," ती म्हणाली. "तिथली बाई म्हणाली, तुमचं नाव आता यादीत नाही. मी म्हटलं, तो बघ, इथून आमचा डोंगर दिसतो. ती म्हणाली, दिसत असेल."

त्यानंतर फक्त भेटीचा परवाना. त्यासाठी गावातून हमीदाने अर्ज करायचा आणि वाट बघायची. हमीदा तिची धाकटी बहीण. घरात ती आणि आई, दोघीच. वर्षानुवर्षं ती अर्ज करत होती. एकदाच परवाना आला, तोही पंधरा दिवसांचा.

रुकय्याने टेबलावरची रेघ ओढणीने पुसली.

पण तिला बिचारी म्हणावं अशी ती नव्हतीच. गावाबद्दल बोलायला लागली की थांबायची नाही. ऑक्टोबरात ऑलिव्ह काढायला सगळ्या बायका जायच्या. झाडाखाली चादरी अंथरायच्या, हातांनी फळं ओरबाडायची, आणि आई, खतीजा तिचं नाव, सगळ्यात वरच्या फांदीवर बसून खालच्यांना शिव्या घालायची. "सगळ्या गावाची भांडणं त्या झाडावर मिटायची," रुकय्या म्हणायची. "खाली उतरेपर्यंत कोण पळून जाणार?" एक झाड आजीच्या नावाचं, एक बहिरं झाड, कारण त्याला कितीही हाका मारा, फळ एका वर्षाआडच धरायचं. मला ती सगळी झाडं पाठ झाली होती.

१९९७ च्या जुलैत आई स्वतःच पूल ओलांडून जॉर्डनमध्ये, अम्मानला आली; रुकय्याही लेकीला घेऊन इथून गेली. नकाशात दोन-तीन तासांचा रस्ता. पहाटे निघालेली म्हातारी दिवस मावळताना पोचली. कपड्यांच्या घड्या मोडून झडती झालेली, तेलाचा डबा दोनदा ओतून बघितलेला. सगळ्या तिथे एका नातेवाइकाकडे अकरा दिवस राहिल्या. रुकय्या परत आल्यावर मी विचारलं, "काय काय बोललात?"

"काही नाही गं. पहिले तीन दिवस तिने माझ्या स्वयंपाकाला नावं ठेवली. मग मुलीचे केस विंचरून दिले. मग झोपली. मी तिच्याकडे बघत बसायची." मग म्हणाली, "कमला, तिच्या हाताला अजून तोच वास आहे."

त्या डब्यातलं एक बाटलीभर तेल तिने मला दिलं. आम्ही ते महिनाभर भाकरीवर घेतलं. भानुदासला आधी कडसर लागलं, मग तोच मागायला लागला.

पुढे तिकडे पुन्हा पेटलं. रस्ते खणले गेले, मातीचे ढिगारे घातले गेले. आईची किडनी गेली, आठवड्यातून दोनदा नाब्लुसच्या इस्पितळात जावं लागायचं. एरवी वीस मिनिटांचा रस्ता. हमीदा तिला कधी टॅक्सीने, कधी शेजाऱ्याच्या गाढवावर बसवून आडवाटेने न्यायची. आणि या एप्रिलात सैन्याने शहरच बंद केलं.

आता स्टाफरूममध्ये रुकय्याच्या कानाशी आई होती. पलीकडून येणारा आवाज मला थोडा थोडा ऐकू येत होता. बारीक, पण खणखणीत.

"यम्मा, पाणी आहे का जवळ?" रुकय्या विचारत होती. "सावली आहे का?"

पलीकडून काहीतरी लांबलचक उत्तर आलं. रुकय्या हसली. मला म्हणाली, "म्हणते, मस्त वारा आहे. समोर कुणाच्या तरी बदामाला हिरवे बदाम धरलेत, सैनिकाला सांगणार आहे तोडून आण म्हणून." हसता हसता तिने तोंडावर मूठ दाबली.

तेवढ्यात घंटा झाली. ती फोनवरही ऐकू गेली असावी. कारण आईने काहीतरी विचारलं आणि रुकय्या एकदम लहान मुलीसारखी म्हणाली, "नाही, नाही जात. आज नाही." पुन्हा तिकडचा आवाज. या वेळी चढा.

रुकय्या उठली. "म्हणते, पोरं खोळंबली असतील. वर्गावर जा. मी इथेच आहे, कुठे जातेय?"

"मी घेते तुझा तास," मी म्हटलं. "तू बोल."

"नको. तिने सांगितलंय." तिने फोन माझ्या हातात दिला, ओढणी सारखी केली, पोरांना हाकारायची तसं स्वतःलाच "यल्ला" म्हणाली आणि टाचा आपटत गेली. फोन केव्हाच बंद झाला होता. तरी मी तो तास संपेपर्यंत हातात धरून बसले.

दुपारी कळलं, त्यांना परत पाठवलं. तिसऱ्या दिवशी आई गेली. गावातही कर्फ्यू लागला होता. दफनासाठी तासभर सूट मिळाली. चार शेजाऱ्यांनी आटपलं आणि दारं पुन्हा बंद झाली.

शारजातल्या रुकय्याच्या फ्लॅटवर मी गेले तेव्हा बाहेर चपलांचा ढीग होता. आत बायकाच बायका. कुणी हेब्रोनची, कुणी जेनीनची, कुणी गाझाची. बिनसाखरेची काळी कॉफी फिरत होती. कुणी मोठ्याने रडत नव्हतं.

खोलीच्या मधोमध एक खुर्ची रिकामी ठेवली होती आणि तिच्यावर फोन होता, स्पीकर चालू. रुकय्या शेजारी जमिनीवर बसली होती. "हमीदा घरात एकटी आहे," ती मला म्हणाली. "तिच्याकडे शेजारीणसुद्धा येऊ शकत नाही. म्हणून सगळ्यांना म्हटलं, मला नको, तिला सांगा."

येणारी प्रत्येक बाई खुर्चीपाशी वाकून बोलत होती. स्वतःचं नाव, गावाचं नाव, आणि मग सांत्वनाचं वाक्य. पलीकडून हमीदा प्रत्येकीला उत्तर देत होती. आवाज बसलेला, पण एकीलाही तिने उत्तरावाचून ठेवलं नाही. एका म्हातारीने तर हमीदाला पूर्ण रडू दिलं, ती थांबेपर्यंत वाकून उभी राहिली.

माझी पाळी आली. नऊ वर्षांत शिकलेल्या अरबीतलं एकच वाक्य आठवलं. "अल्ला यरहमहा," मी कसंबसं म्हटलं. देव तिच्यावर दया करो.

माझा उच्चार वेगळा वाटला असावा. "कोण गं ही?" हमीदाने विचारलं.

"कमला. शाळेतली. तुला सांगते ना नेहमी, ती."

मग हमीदाने विचारलं, "हिची आई आहे?"

रुकय्याने माझ्याकडे पाहिलं. मला प्रश्न कळला होता. "आहे," मी म्हटलं. "गावी असते." ते सांगताना मला इतकं अपराधी वाटलं की मी खुर्चीची कड घट्ट धरली.

"अल्ला यखल्लीलिक याहा," पलीकडून आवाज आला.

रुकय्याने भाषांतर केलं नाही. गरज नव्हती. अल्ला तिला तुझ्यासाठी राखो.

माझ्यामागे आणखी बायका उभ्या होत्या. मी बाजूला झाले.