पुरात वाढलेल्या मेंढ्या

तहसील कचेरीत प्रभावती मॅडमनी संगणकाचा पडदा आमच्याकडे वळवला आणि त्यावर पेनचं टोक टेकवलं.

"हे बघा. पुराच्या आधी राधाकिसन यांच्या मेंढ्या चाळीस. पुरानंतर तलाठ्यानं समोर उभं राहून मोजल्या, तर एकाहत्तर. म्हणजे पुरात तुमच्या मेंढ्या वाढल्या. आता वाढलेल्या मेंढ्यांची मदत कशी द्यायची, ते तुम्हीच सांगा."

मागच्या बाकावरचे दोघे हसले. मॅडम हसल्या नाहीत. सकाळपासून त्यांच्या टेबलासमोरची रांग तुटली नव्हती आणि त्यांचा चहा तसाच गार झाला होता. आबा, म्हणजे माझे वडील, पंख्याकडे बघत उभे होते, जणू दुसऱ्याच कोणाच्या मेंढ्यांचा विषय चालला होता.

मी मनात वजाबाकी केली. चाळीस वजा एकाहत्तर, उणे एकतीस. प्रयोगशाळेत उत्तर असं उलटं आलं की आधी उपकरण तपासायचं, हे आम्हाला पहिल्याच वर्षी शिकवलेलं. इथं उपकरण माझे वडीलच होते.

सप्टेंबरात एका पहाटे पूर्णेचं पाणी काठावरच्या गायरानात शिरलं. तिथं जाळीच्या वाघरीत आमची मेंढरं बसलेली होती. आबांनी आणि आईनं जाळी कापून जेवढी हाकलता आली तेवढी वर टेकाडावर काढली. बाकीची गेली. त्यातली सहा खाली बाभळींत अडकलेली सापडली. वास सुटला म्हणून दुसऱ्या दिवशी आबांनी ती पुरली. पंचनामा झाला बाराव्या दिवशी. तेव्हा दाखवायला एकही मेलेलं जनावर नव्हतं, म्हणून आधीच्या नोंदीतून जिवंत मेंढ्या वजा करायच्या, असं ठरलं. नियम म्हणून त्यात काही वाईट नव्हतं. मीही तसंच केलं असतं.

फक्त आधीची नोंद आबांनी स्वतः तोंडानं सांगितलेली होती, आणि आबा मेंढ्यांचा आकडा कधीच सांगत नाहीत.

आमच्यात कोणीच सांगत नाही. कळप मोजू नये, मोजला तरी बोलू नये, बोललं की घटतो. पाहुण्यानं विचारलं तर "हायत चार-दोन देवाच्या दयेनं" म्हणायचं. सरकारी माणूस आकडा घेतल्याशिवाय हलत नाही, म्हणून त्याच्यासाठी आबांनी एक कायमचा आकडा ठेवलेला होता. पशुगणनावाला मोबाईल घेऊन आल्ता, त्याला चाळीस. लसवाल्या डॉक्टरला चाळीस. मी पाचवीत असतानाही चाळीसच होत्या आणि माझी बी.एस्सी. झाली तरी चाळीसच.

"मॅडम, दुरुस्ती करता येते का?" मी विचारलं.

"पुरावा आणा. शुक्रवारपर्यंत साहेबांपुढं दुरुस्तीचे अर्ज आहेत. त्यानंतर यादी वर जाते. मंग माझ्याही हातात काही राहत नाही."

बाहेर आल्यावर मी आबांना विचारलं, "किती होत्या खऱ्या?"

"होत्या की."

"आबा, आकडा."

"तू शिकलेली हायस. काढ तूच."

मला त्यांचा इतका राग आला की एसटीत मी मुद्दाम दुसऱ्या बाकावर बसले.

घरी आईनं, जयवंताबाईनं, एकच विचारलं, "व्यापाऱ्याला काय सांगू?"

भोकरदनचा एक व्यापारी उरलेला सगळा कळप एकगठ्ठा घ्यायला तयार होता. पुढच्या महिन्यातल्या मोठ्या बाजारापर्यंत थांबतो म्हणाला होता. शेतकरी रानात मेंढ्या बसवतात ते लेंडीखतासाठी, आणि रातीमागं पैसे देतात ते मेंढ्यांच्या आकड्यावर. कळप एवढा लहान झाल्यावर त्यात दोघांचं पोट भरणार नव्हतं. मदत मिळाली तर वीसेक माद्या घेऊन कळप पुन्हा उभा राहिला असता. नाही मिळाली, तर मेंढरं विकायची आणि आबांनी जालन्याला लोखंडाच्या कारखान्यात वॉचमन म्हणून लागायचं, असं माझ्या मामानं ठरवूनच टाकलं होतं. आबांना छपराखाली झोप लागत नाही. माझ्या आत्याच्या लग्नातसुद्धा ते मांडवाबाहेर बैलगाडीखाली झोपले होते.

मी वही घेतली आणि आईसमोर बसले. आकडा नको, म्हटलं, फक्त कोण कोण गेल्या ते सांग. आई सांगू लागली. बांडी. बांडीची थोरली. तुटक्या कानाची. कपाळावर चांद असलेली. जाफराबादच्या बाजारातून आणलेली लंगडी, तिची दोन्ही. ती सांगत गेली, मी लिहीत गेले. मधे दोनदा ती थांबली आणि पदरानं नाक पुसून पुन्हा सुरू झाली. शेवटी मी ओळी मोजल्या. एक्केचाळीस. उरलेल्या एकाहत्तर. म्हणजे एकशे बारा.

आबा दारात बसून दोरी वळत होते. मी आकडा मोठ्यानं म्हणणार, तेवढ्यात ते उठून बाहेर गेले.

दुसऱ्या दिवशी मी जनावरांच्या दवाखान्यात गेले. लसीच्या रजिस्टरात आमच्या नावापुढं चाळीस होते. त्याच तारखेला आणखी एकाच मालकाची नोंद होती, आठ शेळ्या. एकूण अठ्ठेचाळीस. मी कंपाउंडरला विचारलं, "एका बाटलीत किती डोस?"

"शंभर."

"आणि त्या दिवशी बाटल्या किती फुटल्या?"

त्यानं साठ्याचं रजिस्टर काढलं. दोन. वाया गेलेल्या लसीचा रकाना कोरा होता.

"अठ्ठेचाळीस जनावरांना दुसरी बाटली कशाला लागली?"

"ताई, तुमचे वडील चाळीस म्हणले, मी चाळीस लिहिलं. सुई मारताना कोण मोजून राह्यलंय? औषध संपलं, दुसरी फोडली."

शंभराच्या वर टोचल्या, त्यातून आठ शेळ्या वजा. आमच्या किमान त्र्याण्णव. मी दोन्ही पानांच्या सही-शिक्क्याच्या प्रती घेतल्या. परत येताना मला वाटलं, झालं काम.

झालं नव्हतं. गुरुवारी नायब तहसीलदार साहेबांनी दोन्ही कागद नीट वाचले. "हुशार आहेस," ते म्हणाले. "पण हे अनुमान झालं. मला कोणीतरी असा माणूस पाहिजे, ज्यानं या मेंढ्या पुराआधी डोळ्यांनी मोजल्यात. आहे का कोणी?"

असा एकच माणूस होता. मेंढका मोजत नाही, पण पैसे देणारा मोजल्याशिवाय राहत नाही.

गावचे काकासाहेब मोठे बागायतदार. दरवर्षी दिवाळीनंतर आमची मेंढरं त्यांच्या रानात बसतात, आणि उन्हाळ्यात पुन्हा एकदा. सकाळी वाघर उघडली की ते वाटेवर उभे राहून एकेक मेंढी बाहेर पडताना मोजतात आणि वहीत लिहितात. त्या वेळी आबा चहाचा कप घेऊन बांधाकडं तोंड करून बसतात.

मी गेले तेव्हा काकासाहेब पडवीत पेपर वाचत होते.

"काका, उन्हाळ्यात तुम्ही मेंढ्या मोजल्या होत्या ना? वहीत असेल."

"असंल की. का गं रेणू?"

मी सांगितलं. त्यांनी चष्मा काढला, पुसला, पुन्हा घातला, आणि वही काही आणली नाही.

"पासष्ट लिहिल्यात," ते म्हणाले.

"पण होत्या तर एकशे बारा."

"असतील. गडबडीत एखादी सुटती."

"सत्तेचाळीस सुटल्या?"

त्यांनी पेपर पुन्हा उघडला. मला तेव्हा कुठं कळलं. ते पासष्टच्या वर कधी जातच नव्हते, आणि आबांना भांडायची सोय नव्हती. भांडायचं तर खरा आकडा तोंडानं सांगावा लागला असता. किती वर्षं हे चाललं होतं, ते मी विचारलं नाही. एकशे बाराचे पासष्ट, तर एकाहत्तरचे किती, एवढंच प्रमाण मांडलं. एक्केचाळीस. पुन्हा चाळीसच्याच आसपास. म्हणूनच आई म्हणत होती, पोट भरणार नाही.

"उद्या चला काका," मी म्हणाले. "काय लिहिलं ते सांगू नका. काय बघितलं ते सांगा."

येतील असं मला वाटलं नव्हतं. पण शुक्रवारी ते आले, इस्त्रीचा सदरा घालून, वही काखेत धरून. आबांना त्यांनी स्वतःच्या गाडीतून आणलं. कदाचित वाटेत काही बोलायचं असेल.

साहेबांनी वही बघितली. "पासष्ट. बरं. जिवंत एकाहत्तर. म्हणजे अजून सहा वाढल्याच." त्यांनी पेनला टोपण लावलं. "काकासाहेब, हे दाखवायला तुम्ही एवढे लांब आलात?"

"लिहिल्यात पासष्ट," काकासाहेब म्हणाले. "होत्या जास्त."

"किती?"

काकासाहेबांनी मान वळवली. "राधाकिसन, तूच सांग बाबा आता. माझ्याच्यानं न्हाई व्हायचं."

आबा भिंतीला लागून उभे होते. मी वही उघडून एक्केचाळीस नावांचं पान पुढं केलं. तिनं मोजल्यात, तीच सांगल, असं ते म्हणतील, याची मला खात्री होती. त्यांनी माझ्या वहीकडं बघितलंच नाही.

"एकशे बारा होत्या," आबा म्हणाले. "एक्केचाळीस गेल्या. अठ्ठावीस माद्या, तीन नर, दहा कोकरं. एकाहत्तर हायत. चाळीस मीच सांगितल्या, खोटं सांगितलं. काकासाहेब पासष्ट म्हणायचे, मी गप राह्यचो. लिहा."

प्रभावती मॅडम टाईप करायच्या थांबल्या. काकासाहेबांनी खाली बघत साहेबांना सांगितलं, "बराबर हाय. शंभराच्या वर होत्या, मी मोजल्या होत्या." आणि जिथं बोट दाखवलं तिथं सही केली.

साहेबांनी सगळं वाचून पाहिलं. "जबाब घेतो. शिफारस करून वर पाठवतो. पण मूळ नोंद मला बदलता येत नाही, ती बदलायची सोयच इथं नाही. वरून काय होईल ते सांगता येत नाही. जल्दी होणार नाही एवढं नक्की." मग आबांकडं बघून म्हणाले, "हेच तेव्हा सांगितलं असतं तर?"

आबांनी हात जोडले आणि ते बाहेर पडले.

आवारात लिंबाखाली मी त्यांना गाठलं. "तुम्हाला माहीत होतं. माद्यांपासून कोकरांपर्यंत सगळं माहीत होतं."

"आपली लेकरं किती, हे बापाला माहीत नसतंय का?"

"मग मला दवाखान्यात कशाला हिंडवलं? बाटल्या मोजत?"

"मला वाटलं, न बोलता भागंल," आबा म्हणाले.

त्यानंतर तीन आठवडे मी रोज अर्जाचा क्रमांक टाकून बघत होते. पहिल्या आठवड्यात ‘छाननीत’ दिसायचं. नंतर ‘त्रुटी’ आलं. कोणती त्रुटी, ते लिहिलेलं नव्हतं. फोन केला तर पुन्हा कागद जोडा म्हणाले. तेच कागद पुन्हा जोडले. पुन्हा ‘छाननीत’. एखाद्या प्रयोगात सुई शून्यावर चिकटून बसली तर मी तारा तपासल्या असत्या, बॅटरी बदलली असती. इथं तपासायला हाताशी काही नव्हतं.

बाजाराचा दिवस उजाडला. व्यापाऱ्याचा टेम्पो दुपारी येणार होता. आबा सकाळपासून मेंढरांत बसून होते आणि एकेकीच्या खुरांत अडकलेला चिखल काडीनं काढत होते. विकायच्या जनावराचे खुर एवढे कोणी साफ करत नाही. आई ते चुलीपासून बघत होती.

दहाच्या सुमाराला काकासाहेब आले. त्या दिवसानंतर पहिल्यांदाच.

"हरभरा पेरायचा राह्यलाय खालच्या रानात," ते म्हणाले. "आठ राती बसवता का? दर उन्हाळ्यात होता तोच." मग सवयीनं म्हणाले, "धरू मंग चाळीस-पन्नास."

आबांनी बांधाकडं तोंड फिरवलं, नेहमीसारखं. मी तोंड उघडणार तोच आई चुलीवरून उठली. हाताला पीठ होतं, ते तिनं झाडलंसुद्धा नाही.

"एकाहत्तर," आई म्हणाली. "भाऊजी, एकाहत्तर धरायच्या. सायबाच्या पुढं झालंय बोलून, आता तुमच्यापुढं कशाची लाज? मोजायच्या तर मोजा, हे बघा, मी इथंच उभी हाय."

काकासाहेब म्हणाले, "बरं. एकाहत्तर."

पासष्टपेक्षा सहा जास्त. एकशे बारा असताना जेवढे पैसे मिळायचे, त्याहून जास्त आता एकाहत्तरमागं मिळणार होते. हे आधीच्या सगळ्या वर्षांचं काय सांगतं, ते मी मनात मांडलं आणि तिथंच सोडून दिलं, कारण काकासाहेब अजून दारात होते आणि आठ राती अजून हातात यायच्या होत्या.

ते गेल्यावर आबा उठले. मेंढरांवरून त्यांची नजर एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत सावकाश फिरली. या वेळी ते काय करत होते, ते मला कळत होतं.

"रेणू," आई म्हणाली, "त्या व्यापाऱ्याला फोन लाव. म्हणावं, टेम्पो आणू नको."

"आणि तुझ्या त्या अर्जाचं?" आबांनी विचारलं.

मी मोबाईल उघडला. ‘छाननीत’ होतं. मी व्यापाऱ्याचा नंबर लावला.