फळीवरच्या रेघा

परतपेटी दिसायला कपड्यांच्या उभ्या कपाटासारखी असते. पुढे काचेचं दार, बाजूला एक दांडा. फुटलेला कप आत ठेवायचा, दार लावायचं आणि दांडा हळूहळू मागे फिरवायचा. मग त्या कपाचा काळ उलटा वाहू लागतो. तुकडे सरकत एकमेकांना भिडतात, तडा बारीक होत जातो आणि दिसेनासा होतो. तेवढ्यात हात थांबवायचा. पेटीबाहेरचं जग आपल्या चालीने पुढेच जात असतं. आणि एकदा मागे नेलेली वस्तू पुन्हा पुढे आणता येत नाही. कुणी त्याबद्दल विचारलं, की पेटीवाले काका म्हणायचे, "पुढे न्यायला पेटी कशाला? ते काम आपण सगळे बसल्याबसल्या करतोच."

या कामात एक पथ्य पाळावं लागतं. मोडलेल्या जागेवरून नजर हलवायची नाही. जरा लक्ष उडालं, तर कपाऐवजी हातात ओल्या मातीचा गोळा यायचा. काकांची नजर या बाबतीत पक्की होती.

काका एकटे राहत. दुकानामागेच दोन खोल्या होत्या. मुलगी नुकती चालायला लागली होती, तेव्हा बायको गेली. पुढे मुलीला त्यांनीच वाढवलं. वेणी घालायला ते शेजारच्या चष्मेवाल्याच्या बायकोकडून शिकले. आता मुलगी दूर नोकरीला होती. फोनवर ती विचारी, "जेवलास?" ते म्हणत, "जेवलो. तू?" त्यानंतर दोघांनाही काही सुचत नसे. दुरुस्त झालेली किटली गिऱ्हाइकाला देण्याआधी काका त्या किटलीलाच सांगत, "सांभाळून राहा गं." तेवढंच बोलणं.

एके दिवशी मुलीचा फोन जरा लांबला. "बाबा, कामासाठी तिकडे येतेय. दुपारी तासाभरासाठी घरी येईन. एक मागू?"

"माग की."

"स्वयंपाकघरातली ती फळी दे. माझ्या घरात लावीन."

भिंतीला ठोकलेल्या त्या उभ्या फळीवर मुलीची उंची मोजलेली होती. मुलगी भिंतीला धरून पहिल्यांदा उभी राहिली, तेव्हा सगळ्यात खालची रेघ आईने मारली होती. त्यानंतर दर वाढदिवसाला काका पेन्सिल घेऊन बसत. मुलगी टाचा उचलायची आणि ते तिच्या डोक्यावर टपली मारून म्हणायचे, "चोरी नाही करायची."

काकांनी खिळे उपटून फळी उतरवली, तर खालच्या टोकातून भुसा गळला. वाळवी लागली होती.

"अशी कशी द्यायची पोरीला?" ते चष्मेवाल्याला म्हणाले.

"गावाच्या किटल्या सरळ करतोस आणि स्वतःच्या फळीला रडतोस? घाल पेटीत. वर्षभर मागे नेलीस की झालं."

काकांनाही तसंच वाटलं. फळी पेटीत उभी केली, दार लावलं आणि पोखरलेल्या टोकाशी नजर लावून ते दांडा फिरवू लागले. भोकं लहान होत होती, पण बुजत नव्हती. त्यांनी आणखी फिरवलं. हात भरून आला. अखेर शेवटचं भोक बुजलं आणि त्यांनी दांडा सोडला.

लाकूड घट्ट झालं होतं. त्यांनी खालच्या टोकावर समाधानाने बोट फिरवलं. मग मान वर केली.

वर काही नव्हतं. वाळवी गेल्या वर्षाची नव्हतीच. मुलगी लहान होती तेव्हाच ती लाकडात शिरली होती, आणि वाळवीच्या मागे जाता जाता शाळेची, कॉलेजची, सगळ्या वाढदिवसांची वर्षं पुसली गेली होती. काका खाली बघत राहिले आणि रेघा वरून एकेक करून गेल्या. उरली होती फक्त आईची.

"अंदाजाने मार की परत," चष्मेवाला हळू आवाजात म्हणाला. या वेळी त्याने टिंगल केली नाही.

काकांनी पेन्सिल टेकवली आणि उचलली. "अंदाजाची रेघ तिची कशी होईल?"

रात्रभर त्यांनी मनाची समजूत घातली. आईची रेघ तर राहिली. पोरीला तीच हवी असणार.

मुलगी आली ती टॅक्सी थांबवून ठेवूनच. काकांनी चहाआधी फळी पुढे केली आणि काय घडलं ते सांगितलं. शेवटी म्हणाले, "पण आईची आहे बघ. नशीब."

मुलीने ती रेघ पाहिली. मग फळीच्या कोऱ्या भागावरून तळवा फिरवत राहिली.

"बाबा, आई मला आठवतच नाही," ती म्हणाली. "मला वरच्या हव्या होत्या. तू मारलेल्या."

आपल्या रेघा कुणाला हव्या असतील, हे काकांच्या डोक्यातच आलं नव्हतं.

बाहेर टॅक्सीवाल्याने हॉर्न वाजवला. मुलीने फळी भिंतीला टेकवली. "उभा राहा."

"मी?"

"पाठ लाव. टाचा खाली. चोरी नाही करायची."

काका उभे राहिले. ती त्यांच्याहून उंच झाली होती. तिने त्यांच्या डोक्यावर पेन्सिल आडवी धरून रेघ ओढली आणि तिच्याशेजारी लिहिलं, "बाबा".

"आता तू राहा," काका म्हणाले.

"पुढच्या वेळी. विमान चुकेल."

ओतलेला चहा तसाच राहिला. टॅक्सीत फळी तिरकी बसली, एक टोक खिडकीबाहेर आलं. गाडी वळेपर्यंत ते दिसत होतं.

काका आत आले. स्वयंपाकघराच्या भिंतीवर फळीच्या जागी चुन्याचा फिकट पट्टा होता, चार खिळ्यांची भोकं होती. त्यांनी दोन्ही कप उचलले. एक विसळून ठेवला आणि दुसऱ्यातला गार चहा त्या पट्ट्याला पाठ लावून, उभ्यानेच प्यायला.