कुंडलिकेकाठच्या इलेनाबाई

चैत्रातल्या दुपारी वाळ्याच्या पडद्यांतून गाळून आलेला ओलसर, हिरवट उजेड इलेनाबाईंच्या मनगटांवर पडे, आणि त्या उजेडात त्यांची लांब बोटे पियानोच्या पट्ट्यांवरून अशी चालत, की कुंडलिकेच्या आटलेल्या पात्रात कुठून तरी पाणी उतरले आहे असा भास व्हावा. पियानोच्या पोटात बाई पाण्याचे वाडगे ठेवीत. जालन्याच्या उन्हाने लाकूड तडकते. "लाकडाला बी तहान लागते," त्या म्हणत.

बाई मूळच्या रुमानियाच्या. जालन्याचे एक डॉक्टर विलायतेत शिकायला गेले, तिथे दोघांची गाठ पडली, लग्न झाले, आणि पियानोसकट त्या निजामाच्या मुलखात आल्या. सासर मुसलमान; घरात उर्दू चाले, बाजारात मराठी. बाई दोन्ही बोलत, दोन्ही स्वतःच्या चालीत. डॉक्टर अकाली गेले तेव्हा माहेरहून 'परत ये' म्हणून पत्रे आली. बाई गेल्या नाहीत. पानगळीनंतर एखाद्या झाडाने निव्वळ आपल्या बळावर पालवी धरावी, तशा त्या उभ्या राहिल्या आणि मुलींना संगीत शिकवू लागल्या.

मला मंठ्याला दिले होते. सोळाव्या वर्षी विधवा होऊन मी माहेरी परतले. वडील कचेरीत कारकून. आमचे घर बाईंच्या घरामागे. पियानो सुरू झाला की माझी बोटे परातीच्या काठावर आपोआप नाचू लागत. बाईंनी हे गच्चीवरून पाहिले आणि दुसऱ्या दिवशी सरळ आमच्या ओसरीवर येऊन बसल्या. पोरीला माझ्याकडे पाठवा, म्हणाल्या.

वडील गडबडले. "बाई, पोर विधवा हाय."

"मी बी हाय."

"लोकं काय म्हणतील?"

"आधी ऐकतील, दादा. मंग म्हणतील."

वडिलांनी हसू मिशीत लपवले. पण तेवढ्याने दार उघडले.

चार वर्षे मी शिकले. चुकलेला स्वर त्या रागावून कधी दुरुस्त करीत नसत. नुसते थांबत, आणि त्या थांबण्यात चूक आपोआप उघडी पडे. माझ्यासाठी त्यांनी एक रचना बांधली: उजव्या हाताला जिनिंगच्या गिरणीतून कापूस निवडून परतणाऱ्या बायकांच्या गप्पांची लगबग, डाव्या हाताला त्यांच्या पावलांची संथ लय, आणि मध्येच बाईंच्या देशातल्या मेंढपाळांच्या धुनेचा एक लांबच लांब उसासा.

कन्याशाळेच्या समारंभात ती मी वाजवायची ठरली. पियानो बैलगाडीतून शाळेत आला. मी बसले मात्र, बायकांत कुजबुज उठली. पुढच्या रांगेतल्या तिघी उठून चालू लागल्या. मी हात मांडीवर ओढून घेतले. बाई शांतपणे येऊन शेजारी बसल्या आणि डाव्या हाताची बाजू वाजवू लागल्या; फक्त ती पावले, पुन्हा पुन्हा तीच.

"ये की," त्या पुटपुटल्या. "बिलकुल जल्दी न्हाई."

मी सुरांत शिरले. काही वेळाने बाईंनी आपला हात हलकेच काढून घेतला आणि ती पावलेही माझ्या हाती आली. रचना संपली तेव्हा वर पाहिले. उठून गेलेल्या तिघी दारातच खिळून उभ्या होत्या. पुढच्या महिन्यात मुख्याध्यापिकांनी मला त्याच शाळेत संगीत शिकवायला ठेवले.

अठ्ठेचाळीसच्या पोलीस ॲक्शनच्या धामधुमीत बाईंच्या सासरची माणसे हैदराबादला निघून गेली. गल्ली ओस पडली. तेव्हा वडील स्वतः त्यांच्या दाराशी गेले.

"बाई, एकटं राहणं बराबर न्हाई. चला घरी."

बाई आल्या. त्याच हिवाळ्यात, चार दिवसांच्या तापाने, आमच्याच घरी गेल्या. डॉक्टरांच्या शेजारी त्यांना मूठमाती देताना माझे वडील लहान मुलासारखे रडले.

बाई गेल्या तेव्हा पन्नाशीच्या होत्या. मी आता सत्तरी ओलांडली आहे. काळ नाती अशी उलटी करून ठेवतो: गेलेले माणूस गेले त्या वयाशी थांबते, आपण चालत चालत त्याच्या पुढे निघून जातो, आणि एके दिवशी ज्यांच्या भरवशावर उभे राहिलो त्यांचीच, धाकट्या बहिणीची वाटावी तशी, काळजी वाटू लागते.