तीन जागांची कॅसेट

एकोणीसशे अठ्ठ्याण्णवच्या फेब्रुवारीत, दुपारी दोनच्या सुमाराला, सिस्टरांनी चादरींच्या खोलीचं दार आतून लोटून घेतलं, एप्रनच्या खिशातून तो करडा गेम काढला आणि बटण सरकवलं. हिरवट पडदा उजळला. त्यावर इंग्रजी अक्षरांत तीन नावं होती. वर बोका, मध्ये मुंगी, खाली कप्तान. प्रत्येक नावापुढे तो किती वेळ खेळला ते लिहिलेलं होतं. कप्तानपुढे त्रेसष्ट तास आणि काही मिनिटं होती.

सिस्टरांनी बाण खाली आणला, कप्तानवर ठेवला आणि मधलं बटण दाबलं. पडद्यावर प्रश्न आला. पुसायचं? खाली हो आणि नाही. त्यांचा अंगठा बटणावर राहिला. बाहेर कुणाच्या तरी हातून स्टीलचा ट्रे पडला, तो फरशीवर बराच वेळ घुमत राहिला. तो थांबल्यावर सिस्टरांनी नाही दाबलं, गेम बंद केला आणि उशांच्या अभ्र्यांचा गठ्ठा उगाचच दुसऱ्या फळीवर ठेवला.

हा गेम वॉर्डात येऊन तेव्हा पाच वर्षं झाली होती. बरा होऊन घरी गेलेल्या एका मुलाच्या मामानं तो आणून दिला होता. तळहाताएवढं यंत्र, मागे चार सेल, आणि एकच कॅसेट. खेळात कंदील घेतलेला एक छोटा माणूस दऱ्या ओलांडत, किल्ल्या गोळा करत शेवटच्या दारापर्यंत जायचा. विहिरीपाशी थांबलं की तिथवरचा खेळ जपून ठेवला जाई. मात्र कॅसेटमध्ये जागा तीनच. हृदयाच्या आजाराची पोरं, खेळायला पळायला बंदी, महिनोन्महिने कॉटवर. त्यामुळे त्या तीन जागांवरून अशी भांडणं व्हायची की डॉक्टर राउंड अर्धी सोडून मिटवायला यायचे.

मग एका मुलीनं घरी जायच्या दिवशी आपण होऊन आपला खेळ पुसला आणि गेम शेजारच्या कॉटवर दिला. सिस्टरांनी टाळी वाजवली. तिथून तो रिवाजच पडला. हातावरची चिकटपट्टी निघाली, बापाच्या हातात पिशवी आली, की मूल कॉटच्या कडेला बसायचं. ज्यांना चालता येई ते भोवती जमायचे. मूल हो दाबायचं, नाव जायचं, आणि सगळे टाळ्या वाजवायचे. डिस्चार्जचा कागद त्यानंतर. सिस्टरांनी त्यात एकच नियम घातला होता. ज्याचा खेळ त्यानंच पुसायचा, दुसऱ्या कुणी हात लावायचा नाही. डॉक्टरांनासुद्धा ही मुभा नव्हती.

नियम करताना त्यांच्या डोळ्यांपुढे घरी जाणारीच मुलं होती.

बोका पहिला. तो ऑपरेशन थिएटरमधून परत आला नाही. पुढच्या वर्षी मुंगी. ती पाच वर्षांची होती, तिला पहिला पूलसुद्धा ओलांडता येत नव्हता. ती पहिल्याच गावात तळ्यावर जाऊन बदकांना दाणे टाकत बसायची. ही दोन नावं राहिली, आणि बाकीची मुलं एका जागेवर आळीपाळीनं खेळू लागली. नियम मोडायची कुणाची छाती झाली नाही. तिसरी जागा शेवटी आठ महिने कप्तानकडे होती. तो कॉटवर बसून सगळ्या वॉर्डाला हुकूम सोडायचा, म्हणून कप्तान. मागच्याच आठवड्यात एका सकाळी त्याची कॉट रिकामी झाली होती.

आणि चार दिवसांनी सहा नंबरवर वकीलबाई आली.

हे नाव मावशींनी ठेवलेलं. मावशी म्हणजे वॉर्डातल्या सगळ्यात जुन्या आया. झाडलोट, भांडी, चादरी आणि येणाऱ्या-जाणाऱ्यांना टोमणे, हे सगळं त्यांच्याकडे. नऊ वर्षांची ती मुलगी मागच्या वर्षी तपासण्यांसाठी दहा दिवस राहून गेली होती आणि त्या दहा दिवसांत तिनं प्रत्येक सुईमागचं कारण विचारून सगळ्यांना जेरीस आणलं होतं. तिच्या हृदयाला भोक होतं. ओठ कायम जांभळट, आणि दोन वाक्यांनंतर श्वास घ्यायला थांबावं लागे, तरी उलटतपासणी चालूच. आता ती ऑपरेशनसाठी आली होती. तारीख आठ दिवसांवर होती.

आल्या आल्या तिनं विचारलं, कप्तान कुठे आहे. मागच्या खेपेला त्यानंच तिला पूल ओलांडायला शिकवलं होतं. मावशींनी फडकं पिळता पिळता सांगून टाकलं, की गेला घरी. मग तिनं गेम मागितला. सिस्टर म्हणाल्या की बिघडलाय. दुसऱ्या दिवशीही बिघडलेलाच होता. तिचे वडील छापखान्यात मशीनवर होते, नखांत शाई घेऊनच भेटायला यायचे. ते म्हणाले, आमच्या शेजारी रेडिओ दुरुस्त करणारा आहे, मी नेऊन दाखवू का. सिस्टर काहीबाही बोलून औषधाच्या ट्रॉलीमागे गेल्या.

मुलगी मग गप्प झाली. ताटातलं चिवडून ठेवू लागली, सुईचं कारणही विचारीना. डॉक्टरांनी राउंडला सिस्टरांना बाजूला घेऊन सांगितलं, की हिला अशी ऑपरेशनला नेणं बरं नाही, हिचं मन रमवा.

त्या दुपारी चादरींच्या खोलीत सिस्टरांचा अंगठा जिथे अडला होता, तिथेच दुसऱ्या दुपारीही अडला. या खेपेला मावशी आत आल्या.

"नाही होत?" त्यांनी विचारलं.

सिस्टरांनी गेम एप्रनआड धरला.

"द्या इकडे. मला वाचता येत नाही, त्यामुळे मला बोका नाही की मुंगी नाही. खालची ओळ ना?"

"नको, मावशी."

"चादर बदलतोच की आपण, सिस्टर. त्याच दिवशी बदलतो. तेव्हा तुमचा हात अडत नाही."

"चादर रुग्णालयाची असते," सिस्टर म्हणाल्या.

मावशींनी गठ्ठा काखोटीला मारला. दाराशी जाऊन त्या म्हणाल्या की दोन वर्षांपूर्वी मुंगीच्या वेळीच हे करायला हवं होतं, एक केलं असतं तर बाकीचे जड गेले नसते. आणि पोर कॉटवर पडून छताकडे बघतंय, त्याचं काय ते बघा. त्या गेल्यावर सिस्टर बराच वेळ अभ्रे मोजत उभ्या राहिल्या. आकडा दोनदा चुकला.

शेवटी त्यांनी जे केलं त्याला धड धीर म्हणता येणार नाही. गेममध्ये नवे सेल घातले, तो सहा नंबरवर नेला आणि मुलीच्या पांघरुणावर ठेवला. दुरुस्त होऊन आलाय, म्हणाल्या. जागा मात्र तिन्ही भरल्यात. कप्तान गडबडीत गेला, पुसायचं विसरला. त्याची जागा तू घे, या वेळी नियम सोडू.

मुलीनं गेम चालू केला. पडद्याचा हिरवट उजेड तिच्या हनुवटीवर पडला. तिनं तिन्ही नावं वाचली. मग पुन्हा वरून खाली वाचली.

"कप्तान विसरेल?" तिनं विचारलं.

सिस्टरांनी सलाईनच्या नळीला बोटानं टिचकी मारली. नळीत काहीच अडलेलं नव्हतं.

"मागच्या खेपेला ती जागा माझी होती. मी पुसलं तेव्हा," मुलगी श्वास घेऊन म्हणाली, "त्यानं माझ्याकडून आधी दोनदा म्हणवून घेतलं होतं. की मी घरी चालले. मगच हो दाबू दिलं."

सिस्टर म्हणाल्या की चारची औषधं द्यायची आहेत, आणि निघाल्या. पाठीमागून हाक आली नाही. त्या दिवशी घरी जाताना त्या दोन थांबे पुढे उतरल्या आणि चालत मागे आल्या.

पुढचे चार दिवस मुलगी खेळत होती. ताटातलंही बऱ्यापैकी संपवत होती. मावशी जाता-येता म्हणायच्या, काय वकीलबाई, कोर्ट सुटलं की नाही अजून. ती मान न वर करता म्हणायची, तारीख पडलीय. कुणाच्या जागेवर खेळतेस हे सिस्टरांनी विचारलं नाही. गेम तिच्या उशाखाली असायचा, आणि सिस्टर उशी सारखी करतानाही तो बघायचं टाळायच्या.

ऑपरेशनच्या दिवशी सकाळी सातला सिस्टरांनी तिला हिरवा झगा घातला, वेणी सोडून केस टोपीत घातले. वडील बाहेर बाकावर होते. मुलीनं उशाखालून गेम काढून सिस्टरांच्या हातात दिला.

"बघा," ती म्हणाली.

सिस्टरांनी बटण सरकवलं. तीन ओळी होत्या. तिन्ही कोऱ्या.

पुढचं सगळं मुलगी हळूहळू, थांबत थांबत बोलली. तिनं नवा खेळ मांडलाच नव्हता. चार दिवस ती कप्तानच्याच जागेवर खेळत होती. कप्तान शेवटच्या दाराच्या बाहेर, विहिरीपाशी थांबलेला होता. सगळ्या किल्ल्या जवळ होत्या, पण आतल्या रखवालदाराशी गाठ पडली की दर वेळी मरण यायचं. तिला जमायला चार दिवस लागले. मग काल दुपारी, भेटायची वेळ संपल्यावर, तिनं आधी बोका, मग मुंगी आणि शेवटी कप्तान पुसला.

"तुला कोणी सांगितलं होतं?" सिस्टरांचा आवाज त्यांना हवा होता त्याहून कोरडा आला.

"कोणी नाही. पण पुसल्याशिवाय घरी जाता येत नाही ना. ते तिघं इथेच बसून होते." तिनं श्वास घेतला. "तुमच्याच्यानं होत नव्हतं."

सिस्टरांनी थर्मामीटर झटकला आणि तिच्या जिभेखाली ठेवला. दोन मिनिटं कुणालाच बोलता येणार नव्हतं. त्या घड्याळाकडे बघत राहिल्या. दोनाची तीन मिनिटं झाली.

"दाराच्या आत काय होतं?" थर्मामीटर काढताना त्यांनी विचारलं.

"काही खास नाही. एक अंगण. तो कंदील खाली ठेवतो आणि बसतो. मग खेळ बनवणाऱ्यांची नावं येतात." तिनं टोपीची कड कानावर ओढली. "टाळ्या मी पांघरुणात वाजवल्या. आवाज नको म्हणून."

स्ट्रेचर आलं. मावशी एका बाजूला, सिस्टर एका बाजूला. लिफ्टपर्यंत वडील हात धरून चालले, मग त्यांना थांबवण्यात आलं. सिस्टर परत येऊन चादरींच्या खोलीत गेल्या, पण या वेळी त्यांनी गेम चालू केला नाही. मुंगीचे किती तास होते, चार की साडेचार, हे त्या आठवू लागल्या. दोन वर्षांत इतक्या वेळा वाचलेला तो आकडा त्यांना त्या सकाळी काही केल्या आठवला नाही.

ऑपरेशन साडेपाच तास चाललं. भोक बुजलं. एकोणिसाव्या दिवशी मुलगी बापाचा हात धरून वॉर्डाबाहेर गेली. पुसायला तिच्याजवळ काही नव्हतं, त्यामुळे टाळ्या वाजल्या नाहीत. मावशी तेवढ्या म्हणाल्या, चला, कोर्ट उठलं.

मावशी दोन हजार एकमध्ये निवृत्त झाल्या, लेकीकडे राहायला गेल्या आणि तिथेच चार वर्षांनी वारल्या. डॉक्टर मोठ्या रुग्णालयात गेले. शेवटी शेवटी त्यांचे हात थरथरायचे आणि ते फक्त शिकवायचे. मुलीच्या वडलांचा छापखाना बंद पडला, मग ते एका शाळेच्या फाटकावर पहारेकरी झाले. कॅसेटमध्ये आत एक बारीक सेल असतो, तो संपला की ती काहीच लक्षात ठेवू शकत नाही. तो दोन हजार दोनच्या सुमाराला संपला. त्यानंतर मुलं दर वेळी पहिल्या गावापासून सुरुवात करायची. तिघांची नावं ठेवली असती, तरी तेव्हा गेलीच असती. हे सिस्टरांना मुलीच्या वडलांच्या शेजारच्या त्या रेडिओ दुरुस्त करणाऱ्यानं सांगितलं. त्यांनी ऐकून घेतलं.

कप्तानची आई दर फेब्रुवारीत बारा सेलांचं पाकीट घेऊन वॉर्डात यायची. पोरांना खेळायला होतील, म्हणायची. आपल्या मुलाचा खेळ अजून त्यात असेल असं तिला वाटत होतं की नाही, हे सिस्टरांनी कधी विचारलं नाही, आणि तिनंही गेम बघायला मागितला नाही. एका वर्षी ती आली नाही. त्यानंतर कधीच नाही.

दोन हजार बारामध्ये, सिस्टरांच्या नोकरीचे तीन महिने उरले असताना, वकीलबाई आली. तेवीस वर्षांची झाली होती. नोकरीसाठी जुने केसपेपर हवे होते. ओठांचा रंग साधा होता आणि ती एका दमात बोलत होती. सिस्टरांना तिनं ओळखलं नाही. सिस्टरांनी ओळख सांगितल्यावर हसून नमस्कार केला. लहान होते ना मी, म्हणाली, फिनेलचा वास तेवढा आठवतो.

"गेम आठवतो?" सिस्टरांनी विचारलं. "कंदीलवाला?"

"कुठला गेम?"

"आणि कप्तान?"

मुलगी आठवण्याचा प्रयत्न करू लागली. प्रयत्न प्रामाणिक होता. कपाळाला बारीक आठी पडली. मग तिनं मान हलवली.

"कोण होता तो?"

"होता एक," सिस्टर म्हणाल्या. "तुझ्या आधी घरी गेला."

मग त्यांनी केसपेपरची घडी घालून पाकिटात सरकवली, टेबलावरचं पेन घेतलं आणि पाकिटावर तिचं संपूर्ण नाव ठळक अक्षरांत लिहून दिलं.